खर्च वेळेत न भरल्याने निकाली निघालेला दावा पुन्हा चालू कसा करावा?

मृगाचा पाऊस आणि कोर्टाची तारीख एकाच आठवड्यात येणे शेतकरी बंधूंना नवीन नाही. वापसा आला की पेरणी थांबवता येत नाही आणि पेरणीत असताना तालुक्याला जाणे होत नाही. तारीख चुकते. पुढे कधीतरी वकिलांकडे गेल्यावर समजते की, दावा काढून टाकला आहे. कारण विचारले तर ते असते चार-पाचशे रुपये वेळेत न भरल्याचे. बांध, वहिवाट, विहिरीतील हिस्सा, वाटप असे वर्षानुवर्षे चालणारे दावे गुणदोषावर हरण्याऐवजी अशा किरकोळ रकमेपायी बंद पडतात, ही दुःखाची गोष्ट आहे. मात्र असा दावा पुन्हा चालू करण्याची सोय कायद्यात आहे. ती कशी वापरावी याची माहिती या लेखात दिली आहे.

प्रथम एक उदाहरण घेऊ. समजा, तीन भावांची वडिलोपार्जित सामाईक विहीर आहे. धाकट्याने विजेच्या मोटारीचा स्टार्टर काढून घरी नेला आणि थोरल्याच्या दोन एकर मोसंबीचे पाणी तोडले. थोरल्याने दिवाणी न्यायालयात दावा लावला आणि निशाणी ५ वर तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. बागेला पाळीप्रमाणे पाणी सुरू झाले. नंतर १० मार्चच्या तारखेला थोरला हजर नव्हता, त्याचे वकील दुसऱ्या कोर्टात होते आणि धाकट्याचे वकील मात्र हजर होते. दावा निघाला. थोरल्याने २ एप्रिलला पुन्हा चालू करण्याचा अर्ज दिला. १५ जूनला न्यायालयाने अर्ज मंजूर केला, पण अट घातली: प्रतिवादीला खर्चापोटी ५०० रुपये १५ दिवसांत द्यावेत, न दिल्यास अर्ज नामंजूर समजावा. ३० जून गेला. थोरला पेरणी उरकून ४ जुलैला पैसे घेऊन तालुक्याला गेला, तेव्हा कार्यालयाने मुदतीनंतरचे पैसे घेता येत नाहीत असे सांगितले. तो तसाच परत आला. पंधरवड्यात पावसाने ओढ दिली आणि मोटारीचा स्टार्टर पुन्हा धाकट्याच्या घरी गेला.

या थोरल्या भावाची चूक नेमकी कोठे झाली? चार दिवस उशीर झाला ही चूक होतीच, पण ती सुधारण्यासारखी होती. खरी चूक पैसे घेऊन तसेच परत येण्यात झाली. मुदत संपल्यावर नुसत्या पैशाला किंमत राहत नाही. पैशाबरोबर अर्ज हवा, अर्जासोबत शपथपत्र व पुरावा हवा आणि त्यावर न्यायाधीशांचा हुकूम हवा. हे तीन एकत्र असतील तर उशिरा आणलेले पैसेही स्वीकारले जाऊ शकतात. नसतील तर कितीही रक्कम नेली तरी नाझर ती घेणार नाही, आणि त्यात त्याचा दोषही नाही.

रोजनामा आधी वाचावा

दावा निघाला असे कळताच पहिले काम म्हणजे रोजनामा पाहणे. प्रत्येक तारखेला दाव्यात काय घडले याची नोंद रोजनाम्यात असते. शेवटचा हुकूम शब्दशः वाचून घ्यावा किंवा वकिलांकडून समजावून घ्यावा. ‘खर्च भरला नाही म्हणून दावा निघाला’ असे गावात एका वाक्यात सांगितले जाते, पण कोर्टात भरावयाचा पैसा एकाच प्रकारचा नसतो. कोणता पैसा राहिला यावर पुढचा सगळा मार्ग ठरतो. एकाचे औषध दुसऱ्याला चालत नाही.

पहिला प्रकार समन्सच्या खर्चाचा. दावा दाखल झाल्यावर प्रतिवादीला समन्स पाठवण्यासाठी वादीने प्रोसेस फी भरावी लागते आणि दाव्याच्या नकला द्याव्या लागतात. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ७ नियम ९ प्रमाणे समन्स काढण्याचा हुकूम झाल्यापासून सात दिवसांत हे करावयाचे असते. ते न केल्याने समन्स बजावले गेले नाही, असे तारखेला आढळले तर आदेश ९ नियम २ खाली न्यायालय दावा काढून टाकू शकते. येथे एक सवलत आहे, ती पुष्कळांना माहीत नसते. फी भरली नसली तरी प्रतिवादी त्या तारखेला स्वतः किंवा त्याच्या वतीने कोणी हजर झाला असेल, तर या नियमाखाली दावा काढता येत नाही. समन्सचा हेतू प्रतिवादीला कळवणे हाच असतो आणि तो तर आलेलाच आहे. म्हणून रोजनाम्यात त्या दिवशी प्रतिवादीची हजेरी लिहिली आहे का, हे जरूर पाहावे.

नियम २ खाली दावा निघाला असेल तर नियम ४ लागू होतो. वादी मुदत शिल्लक असल्यास नवा दावा करू शकतो, किंवा फी न भरण्यास पुरेसे कारण होते हे न्यायालयाला पटवून जुनाच दावा मूळ नंबरवर आणू शकतो. त्या तारखेला दोन्ही पक्ष गैरहजर राहिल्याने नियम ३ खाली दावा निघाला असला तरी हाच मार्ग आहे.

याच्याशी मिळताजुळता, पण वेगळा प्रकार नियम ५ चा. समन्स निघाले, पण पत्ता चुकीचा म्हणून किंवा माणूस सुरतेला किंवा पुण्याला राहतो म्हणून ते परत आले. परत आल्याची नोंद झाल्यापासून सात दिवसांत वादीने नवे समन्स मागितले नाही, तर त्या प्रतिवादीपुरता दावा निघू शकतो. पूर्वी ही मुदत एक महिन्याची होती. ती कमी झाल्याचे जुन्या पक्षकारांच्या ध्यानात राहत नाही. भाऊबंदकीच्या दाव्यात दहा-बारा प्रतिवादी असतात आणि त्यातील निम्मे गावाबाहेर असतात. त्यामुळे हा नियम शेतकऱ्यांना वारंवार नडतो. नियम ४ मध्ये नियम ५ चा उल्लेख नाही. कायद्याने येथे मुदतीच्या आत नवा दावा करण्याची मोकळीक ठेवली आहे. मात्र पत्ता शोधण्याचा शक्य तितका प्रयत्न केला होता, किंवा प्रतिवादी समन्स टाळत आहे, असे दाखवले तर मुळात दावा काढण्याचीच वेळ येत नाही. गावातील नातेवाइकांकडून पत्ता मागितल्याचे व रजिस्टर पोस्ट परत आल्याचे कागद म्हणून जपून ठेवावेत.

तिसरा प्रकार आपल्या उदाहरणातील थोरल्या भावाच्या पहिल्या चुकीचा. वादी गैरहजर आणि प्रतिवादी हजर, असा दावा नियम ८ खाली निघतो. हा सर्वांत घातक. कारण नियम ९ प्रमाणे त्याच कारणावरून नवा दावा करण्यास मनाई आहे. जुना दावा पुन्हा चालू करून घेणे हाच मार्ग उरतो. वाटपाचा हक्क जमीन सामाईक असेपर्यंत चालूच राहतो. त्यामुळे वाटपाच्या दाव्याला ही मनाई सहसा आड येत नाही. पण खरेदीचा करार, ताबा किंवा पैशाचा दावा असेल तर दार बंद होते. नियम ९ खाली दावा पुन्हा घेताना न्यायालय खर्चाची अट घालू शकते. थोरल्याला घातलेली ५०० रुपयांची अट याच अधिकारातली.

चौथा प्रकार तहकुबीच्या खर्चाचा. आपले शेतकरी याला ‘दंड’ म्हणतात. साक्षीदार आणला नाही, तारीख वाढवून मागितली, की न्यायालय दुसऱ्या बाजूला काही रक्कम देण्यास सांगते. संहितेच्या कलम ३५-ब प्रमाणे असा खर्च पुढच्याच तारखेला देणे ही दावा पुढे चालवण्याची पूर्वअट असते. तो दिल्याशिवाय वादीला आपला दावा व प्रतिवादीला आपला बचाव पुढे चालवता येत नाही. म्हणजे साक्षीदार दारात उभा असला तरी त्याचा जबाब होत नाही, आणि पुराव्याअभावी दावा जातो. पुढच्या तारखेला निघताना हा खर्च खिशात असलाच पाहिजे. बियाण्याची पिशवी घेतल्याशिवाय आपण पेरायला निघत नाही, तसेच हे आहे.

कमी पडलेली कोर्ट फी हा आणखी एक पैसा. दाव्याच्या किमतीच्या मानाने स्टॅम्प कमी लावला असेल तर न्यायालय मुदत देते. त्या मुदतीत तो भरला नाही तर वादपत्र नाकारले जाते. वादपत्र नाकारणे आणि दावा काढून टाकणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. वादपत्र नाकारल्याच्या हुकुमावर हुकूमनाम्याप्रमाणे अपील होते आणि मुदतीत असल्यास नवे वादपत्रही देता येते. कलम १४९ खाली न्यायालय कमी फी नंतर भरण्यास परवानगी देऊ शकते. तेव्हा मुदत संपण्यापूर्वीच ती मागावी.

अट पाळायची तारीख चुकली तर

आता थोरल्या भावाच्या दुसऱ्या चुकीकडे येऊ. ‘इतक्या दिवसांत न भरल्यास अर्ज नामंजूर’ असा हुकूम झाला की पुष्कळ जण, कधी कधी वकीलही, सगळे संपले असे समजतात. तसे नाही. कलम १४८ प्रमाणे न्यायालयाने एखादे काम करण्यास दिलेली मुदत न्यायालयच वाढवू शकते, आणि मूळ मुदत संपून गेली असली तरी वाढवू शकते. कलमात हे स्पष्ट लिहिले आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९६१ साली महंत रामदास विरुद्ध गंगादास या प्रकरणात याच प्रश्नाचा विचार केला. हे प्रकरण पाटणा उच्च न्यायालयातून आलेले होते. तेथे कमी पडलेली कोर्ट फी ठरावीक मुदतीत भरण्याचा आणि न भरल्यास अपील निघेल असा हुकूम होता. पक्षकाराने मुदत संपण्यापूर्वी वाढीचा अर्ज दिला, पण त्याची सुनावणी मुदतीनंतर झाली आणि आता आमच्या हातात काही नाही म्हणून अर्ज फेटाळला गेला. सर्वोच्च न्यायालयाने हे चूक ठरवले. असे कडक शब्दांचे हुकूम दिरंगाई करणाऱ्याला धाक बसावा म्हणून असतात. न्यायालयाचे स्वतःचे हात बांधून टाकण्यासाठी ते नसतात, असा त्या निर्णयाचा आशय आहे.

तेथील पक्षकाराने अर्ज मुदतीच्या आत दिला होता, हे मात्र विसरू नये. पैसे जमणार नाहीत असे २५ तारखेला दिसत असेल तर २५ तारखेलाच अर्ज द्यावा. ऊस बिल अडकले आहे, कापसाचे पैसे अजून हातात नाहीत, असे कारण मुदतीपूर्वी सांगितले तर ते अडचण म्हणून ऐकले जाते. तेच कारण मुदतीनंतर सांगितले तर सबब वाटते. माणूस तोच, अडचण तीच, पण चार दिवसांनी तिची किंमत बदलते.

मुदतवाढीला मर्यादा आहे. १९९९ च्या दुरुस्तीने कलम १४८ मधील वाढ एकूण ३० दिवसांपेक्षा जास्त नसावी असे ठरवले गेले आणि ही दुरुस्ती १ जुलै २००२ पासून लागू झाली. पुढे २००५ साली सालेम ॲडव्होकेट बार असोसिएशनच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, पक्षकाराच्या हाताबाहेरच्या कारणाने ३० दिवसांतही काम झाले नसेल, तर कलम १५१ मधील अंगभूत अधिकार वापरून न्यायालय आणखी वेळ देऊ शकते. म्हणजे दार पूर्ण बंद नाही, पण ३० दिवसांनंतर ते जड होते. थोरला भाऊ चारच दिवस उशिरा गेला होता. त्याच दिवशी ५०० रुपये सोबत ठेवून कलम १४८ चा अर्ज दिला असता तर त्याची बाजू भक्कम होती. महिनाभर घरी बसून राहिल्याने ती दुबळी झाली.

तीस दिवस कसे मोजावेत

दावा गैरहजेरीने किंवा समन्सचा खर्च न भरल्याने निघाला असेल, तर तो पुन्हा चालू करण्याच्या अर्जाची मुदत मुदतीचा कायदा, १९६३ मधील अनुच्छेद १२२ प्रमाणे ३० दिवसांची आहे. ती दावा निघाल्याच्या तारखेपासून मोजतात, आपल्याला कळल्याच्या तारखेपासून नव्हे. हुकुमाचा दिवस वगळावयाचा असतो. उदाहरणातील दावा १० मार्चला निघाला, म्हणून शेवटचा दिवस ९ एप्रिल. शेवटच्या दिवशी न्यायालय बंद असेल तर ते उघडेल त्या पहिल्या दिवशी अर्ज चालतो.

येथे एक फसगत नेहमी होते. अपिलाच्या बाबतीत हुकुमाची नक्कल मिळण्यास लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात, हे पक्षकारांनी ऐकलेले असते. म्हणून नकलेचा अर्ज देऊन ते निश्चिंत राहतात. नकलेच्या दिवसांची ही सवलत दावा पुन्हा चालू करण्याच्या अर्जाला दिलेली नाही. नकलेसाठी अर्ज जरूर करावा, पण तिची वाट पाहत थांबू नये. नक्कल मागाहून दाखल करता येते.

मुदत उलटून गेली असेल तर मुदतीच्या कायद्याचे कलम ५ आहे. मूळ अर्जासोबत विलंब माफीचा वेगळा अर्ज द्यावा. सर्वोच्च न्यायालयाने १९८७ साली अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात खालच्या न्यायालयांना सांगितले की, विलंबाकडे उदार दृष्टीने पाहावे. उशीर करून पक्षकाराचा सहसा काही फायदा होत नाही, उलट त्याचाच दावा बुडण्याचा धोका असतो. हा निर्णय शेतकऱ्यांच्या उपयोगाचा आहे. तरी उदार दृष्टी म्हणजे कोरा चेक नव्हे. उशीर दहा दिवसांचा आहे की दहा वर्षांचा, आणि त्या काळात पक्षकार काय करीत होता, हे न्यायालय पाहतेच.

पुरेसे कारण कोणते?

‘पुरेसे कारण’ याची यादी कायद्यात नाही. ते प्रत्येक प्रकरणात न्यायालय ठरवते. शेतीची कामे होती एवढे लिहिणे पुरेसे होत नाही. ते खोटे असते म्हणून नव्हे, तर जून-जुलैमध्ये प्रत्येक अर्जात तेच लिहिलेले असते म्हणून. कारण नेमके असावे आणि त्याला कागदाचा आधार असावा. ओढ्याला पूर येऊन रस्ता बंद होता, तर तलाठ्याचा पंचनामा किंवा ग्रामपंचायतीचा दाखला जोडावा. घरात आजारपण होते, तर दवाखान्यात दाखल केल्याचे व सोडल्याचे कागद जोडावेत. नुसते ‘प्रकृती बरी नव्हती’ असे लिहिलेले, मागाहून आणलेले प्रमाणपत्र दुसरी बाजू लगेच हेरते. घरात मृत्यू झाला असेल तर मृत्यूचा दाखला जोडावा. तारखा जुळतात ना, हे दोनदा तपासावे. ३० जूनची तारीख चुकल्याचे कारण म्हणून १० जुलैचा कागद जोडलेले अर्ज पाहावयास मिळतात, आणि ते अर्थातच फेटाळले जातात.

वकिलांनी तारीख कळवली नाही, हे कारणही वारंवार पुढे येते. १९८१ साली रफीक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला देणे योग्य नाही असे म्हटले. खेड्यातील माणूस वकील नेमतो, फी देतो आणि विश्वासाने घरी जातो, ही वस्तुस्थिती त्या निर्णयात ध्यानात घेतलेली आहे. कारण खरे असेल तर ते जरूर मांडावे. पण वकील नेमल्यावर तीन-तीन वर्षे फिरकायचेच नाही आणि दावा निघाल्यावर दोष त्यांच्यावर टाकायचा, हे न्यायालयांना पटत नाही. पक्षकारानेही जागे राहावे अशी न्यायालयाची अपेक्षा असते. आपण वकिलांना कधी भेटलो, फोन कधी केला, याची साधी वहीतली नोंदसुद्धा शपथपत्र लिहिताना कामी येते.

अर्ज करताना

अर्जात दाव्याचा नंबर, दावा निघाल्याची तारीख, कोणत्या कारणाने निघाला, पैसे का भरता आले नाहीत आणि आता किती रक्कम भरण्याची तयारी आहे, एवढे सरळ भाषेत यावे. ‘सोबत रक्कम हजर केली आहे, ती स्वीकारण्याची परवानगी मिळावी’ ही मागणी स्पष्ट लिहावी. तयारी आहे असे म्हणणे वेगळे आणि पैसे पुढे ठेवणे वेगळे. अर्जाच्या सुनावणीला पैसे घेऊनच जावे.

दुसऱ्या बाजूला द्यावयाचा खर्च असेल तर तो त्यांच्या वकिलांना देऊन सहीची पावती घ्यावी. हातोहात देऊन नंतर ‘मिळाला नाही’ म्हणण्याचे प्रकार भाऊबंदकीत अशक्य नाहीत. घेण्यास नकार दिला तर तशी पुरशिस देऊन रक्कम न्यायालयात जमा करण्याची परवानगी त्याच दिवशी मागावी. पावती दाव्याच्या कागदांत लावावी आणि तिची प्रत स्वतःजवळ ठेवावी.

नियम ९ खालील अर्ज दुसऱ्या बाजूला नोटीस बजावल्याशिवाय मंजूर होत नाही. म्हणजे या अर्जासाठीही नोटिशीची फी भरावी लागते. समन्सची फी राहिली म्हणून दावा गेला आणि तो परत आणण्याच्या अर्जातही नोटिशीची फी राहिली, म्हणून अर्जही गेला, असे घडू शकते. ऐकून हसू येईल, पण त्या पक्षकाराला ते फार महागात पडते. मग आधी अर्ज जिवंत करायचा, नंतर दावा. अर्ज दाखल केला त्याच दिवशी ही फी भरून टाकावी.

मनाई हुकुमाचा विषयही येथेच पाहावा. दावा निघाला की निशाणी ५ वरील तात्पुरता हुकूम त्याच्याबरोबर संपतो. दुसऱ्या बाजूला बांध कोरायला, पाणी तोडायला किंवा जमीन विकायला मोकळे रान मिळते. दावा पुन्हा चालू झाल्यावर तो हुकूमही पुन्हा अमलात येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली बहुमताने म्हटले आहे. तरीही त्यावर विसंबून राहू नये. अर्जातच तशी स्पष्ट मागणी करावी आणि मधल्या काळासाठी जैसे थे हुकूम मागावा. आपल्या उदाहरणात दोन एकर मोसंबीचे भवितव्य ५०० रुपयांच्या खर्चापेक्षा या मागणीवर अधिक अवलंबून आहे. पावसाचा खंड पडला आणि पंधरा-वीस दिवस पाणी नाही मिळाले तर बागेवरची फळे गळतात. नंतर दावा जिंकूनही ती फळे झाडाला लागत नाहीत. याच काळात सातबारा व फेरफार यांवरही लक्ष ठेवावे. कोणी नवी नोंद लावत असल्यास तलाठ्याकडे मुदतीत लेखी हरकत द्यावी.

अर्ज नामंजूर झाला तर

नियम ९ खालील अर्ज नामंजूर झाल्यास आदेश ४३ नियम १ (क) प्रमाणे अपील करता येते. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवसांची असते. येथे मात्र नकलेचे दिवस वजा मिळतात. नियम ४ खालील अर्ज नामंजूर झाल्यास आदेश ४३ मध्ये अपिलाची तरतूद नाही. तेथे उच्च न्यायालयात दाद मागावी लागते, किंवा मुदत असल्यास नवा दावा करावा लागतो.

नवा दावा करणे सोपे वाटते. पण जुन्या दाव्यात गेलेली वर्षे मुदतीतून वजा होत नाहीत, कारण दावा आपल्याच हलगर्जीने निघालेला असतो. पैशाच्या वसुलीला व करारपूर्तीला साधारण तीन वर्षांची आणि मालकी हक्कावरून ताबा मागण्यास बारा वर्षांची मुदत असते. साठेखतावरचा दावा चार वर्षे चालून निघाला असेल तर नवा दावा जवळजवळ अशक्य होतो. शिवाय कोर्ट फी पुन्हा भरावी लागते ती वेगळीच. म्हणून नियम ४ ने दोन्ही रस्ते खुले ठेवले असले तरी आधी जुन्या दाव्याचा अर्ज करावा, असे आमचे मत आहे.

हे सर्व दिवाणी न्यायालयातील दाव्यांबद्दल झाले. शेतरस्ता अडवल्याचे प्रकरण मामलेदार कोर्ट कायद्याखाली तहसीलदारांकडे असेल, किंवा फेरफाराचे अपील महसूल अधिकाऱ्यांकडे असेल, तर त्यांचे नियम व मुदती वेगळ्या आहेत. येथील कलमे तेथे जशीच्या तशी लावू नयेत.

तारीख कळण्याची सोय

पूर्वी तारीख कळण्यासाठी तालुक्याला खेप घालावी लागे. आता प्रत्येक दाव्याला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक मिळतो. तो ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा मोबाईल ॲपमध्ये टाकला की पुढची तारीख व दाव्याची स्थिती दिसते. घरात दहावी-बारावीत शिकणारा मुलगा किंवा मुलगी असेल तर हे काम त्यांच्याकडे सोपवावे. हा क्रमांक वकिलांकडून मागून घ्यावा आणि सातबाऱ्याच्या फाईलवर मोठ्या अक्षरात लिहून ठेवावा. दर अमावास्येला आणि पौर्णिमेला पाहायचे असे ठरवले तरी महिन्यात दोनदा पाहिले जाते, आणि दावा निघालाच तर तीस दिवसांच्या आत नक्की कळते.

खर्च भरण्याची ऐपतच नसेल तर विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ खाली मोफत मदत मिळते. महिला, अनुसूचित जाती व जमातींचे लोक, अपंग व्यक्ती आणि ठरावीक मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असणारे यांना ती आहेच. त्याखेरीज पूर, दुष्काळ, भूकंप अशा आपत्तीत सापडलेल्यांचाही कलम १२ मध्ये समावेश आहे. आपत्तीत सापडलेल्या शेतकऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे. वकिलाबरोबरच कोर्ट फी व समन्सच्या खर्चासाठीही ही मदत मागता येते. अर्ज तालुका विधी सेवा समितीकडे करावा. तिचे काम तालुका न्यायालयातूनच चालते. अर्जासोबत ओळखपत्र, उत्पन्नाचा किंवा जातीचा दाखला यांपैकी लागू असेल तो, आणि दावा निघाला असल्यास शेवटच्या रोजनाम्याची प्रत न्यावी. तीस दिवसांपैकी किती उरले आहेत ते तेथील कर्मचाऱ्यांना पहिल्याच भेटीत सांगावे.